तंबूबाहेरचा आवाज : साइडशो, त्याची परंपरा आणि ती सांभाळणारी माणसं

मागच्या व्याख्यानात आपण विष्णुपंत छत्र्यांच्या ग्रेट इंडियन सर्कसपर्यंत आलो होतो. १८८० साली मुंबईत सुरू झालेली सर्कस, मागे कुरुंदवाडच्या संस्थानाचा आधार, ती सगळी हकिकत. मोठ्या तंबूचा इतिहास निदान थोडाफार लिहिला गेलेला आहे. आज आपण मोठ्या तंबूच्या शेजारच्या लहान तंबूंकडे वळू.

अमेरिकेत त्यांना साइडशो म्हणतात. सर्कशीच्या मुख्य तंबूकडे जाणाऱ्या वाटेवर दोन्ही बाजूंना हे तंबू लागायचे. त्या वाटेला मिडवे म्हणायचे, आणि हे नाव १८९३ च्या शिकागोच्या जागतिक प्रदर्शनातल्या 'मिडवे प्लेझन्स' या पट्ट्यावरून रूढ झालं. तंबूत काय असायचं? तलवार गिळणारा, आग खाणारा, खिळ्यांच्या फळीवर झोपणारा, नाकात खिळा ठोकून घेणारा, अंगभर गोंदवून घेतलेली बाई, दाढीवाली बाई, ठेंगणी माणसं, जन्मतः हातपाय नसलेली माणसं. आणि काही शुद्ध बनवाबनवी. आपल्या जत्रेतली नागकन्या ज्यांनी पाहिली असेल, वर मुलीचं तोंड आणि खाली सापाचं वेटोळं, त्यांना ही जात लगेच ओळखू येईल. तिकडे सापाच्या जागी कोळी असायचा आणि तिचं नाव स्पायडोरा. आरशांची युक्ती तीच.

हा सगळा प्रकार विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जवळजवळ संपला होता. मग काही लोकांनी ठरवून तो जगवला. त्यांनी नेमकं काय जगवलं आणि काय मागे सोडलं, हा आजचा विषय. आमचं म्हणणं आधीच सांगून टाकतो: वस्तू जपणं सोपं असतं. कापडी पाट्या, पेट्या, इमारती जपता येतात. अवघड असतो तो बोलणाऱ्याचा आवाज आणि कसबी माणसाचं अंग, कारण ते एका माणसाकडून दुसऱ्या माणसाकडेच जातं. आणि ते जायचं असेल तर त्या माणसाला उघड्यावर उभं राहून पैसे मागायची मुभा लागते.

परंपरा म्हटलं की आपण हात जोडतो. इथे जरा जपून जोडा. पी. टी. बार्नम हा या धंद्याचा मूळपुरुष मानला जातो. १८३५ साली त्याने धंदा सुरू केला तो जॉइस हेथ नावाच्या एका वृद्ध, अंध, गुलाम कृष्णवर्णीय स्त्रीला लोकांपुढे बसवून. ही १६१ वर्षांची आहे आणि जॉर्ज वॉशिंग्टनची दाई होती, अशी जाहिरात. पुढच्या वर्षी ती वारली, तर बार्नमने तिच्या शवविच्छेदनालाही तिकीट लावलं. पुढे १८४१ मध्ये न्यूयॉर्कमध्ये त्याचं अमेरिकन म्युझियम उभं राहिलं, १८६५ ला जळालं. १९०५ साली फिलिपीन्समधल्या इगोरोट लोकांचं 'गाव' कोनी आयलंडवर मांडलं गेलं. १९०६ मध्ये ओटा बेंगा या काँगोच्या तरुणाला ब्रॉन्क्सच्या प्राणिसंग्रहालयात माकडांच्या घरात ठेवलं होतं. हा सगळा त्याच घराण्याचा इतिहास आहे. तो बाजूला सारून नुसता रंगीबेरंगी तंबू आठवायचा, हे आम्हाला पटत नाही.

आणि तरी एवढं म्हणून भागतही नाही. ज्या कोनी आयलंडवर इगोरोट लोक मांडले गेले, तिथेच १९०३ पासून १९४३ पर्यंत मार्टिन कूनी नावाचा गृहस्थ अपुऱ्या दिवसांची बाळं काचेच्या उबदार पेट्यांत ठेवून लोकांना दाखवत होता. हो, बाळं! तिकीट २५ सेंट. बाहेर पुकारा करणारा उभा. त्या काळात बहुतेक इस्पितळांकडे अशा पेट्या नव्हत्या, अशी बाळं वाचतील यावर विश्वासही फारसा नव्हता. कूनी आईबापांकडून एक पैसा घेत नसे. दायांचा, दुधाचा, सगळा खर्च तिकिटातून निघायचा. हजारो मुलं त्याने वाचवली. आता याला काय म्हणायचं? शेजारच्या तंबूत तलवार गिळतायत आणि इथे दीड किलोचं बाळ श्वास घेतंय, आणि दोन्हीकडे गर्दी खेचायची रीत एकच.

त्या रीतीकडे येऊ. कारण खरी विद्या तिथे आहे.

बाहेर उभं राहून बोलणाऱ्याला आपण सिनेमातून 'बार्कर' म्हणून ओळखतो. धंद्यातली माणसं हा शब्द वापरत नाहीत. त्यांचा शब्द 'टॉकर', म्हणजे सरळ बोलणारा. भुंकणं वेगळं आणि बोलणं वेगळं, असं ते म्हणणार, आणि बरोबर आहे. तंबूपुढे एक उंच फळी असते, तिला 'बॅली' म्हणायचं. टॉकर तिच्यावर चढतो. सोबत एकदोन कलाकार. एखादा आगीचा पलिता फिरवतो, एखादी बाई खांद्यावर अजगर घेऊन नुसती उभी राहते. चालणारे लोक थबकतात. ही जमलेली गर्दी म्हणजे 'टिप'. आता टॉकर त्यांना जवळ बोलावतो, अजून जवळ, आणखी दोन पावलं पुढे. हे नुसतं आदरातिथ्य नव्हे. मागचा माणूस पुढे आला की त्याला निघून जायला वाट उरत नाही. फुकट काहीतरी दाखवतो, पण अर्धं. तलवार ओठाला लागते आणि तिथेच थांबते, बाकीचं आत. मग येतो सगळ्यात नाजूक क्षण, गर्दीला तिकीटखिडकीकडे वळवण्याचा. त्याला 'टर्न' म्हणतात. एक माणूस वळला की दहा वळतात, आणि पहिला कोण वळणार हे टॉकरने आधीच हेरलेलं असतं.

आत गेल्यावर 'टेन-इन-वन'. एका तिकिटात दहा खेळ. प्रेक्षक एका फळीपुढून दुसऱ्या फळीपुढे सरकत जातो, आणि आतला निवेदक, ज्याला ते लोक चक्क 'लेक्चरर' म्हणायचे, प्रत्येकाची ओळख करून देतो. (हशा) हो, आमचंच बिरुद. मध्येच एक पेटी येते. बाई आत पडते, झाकण लागतं, पेटीतून आडवीतिडवी धारदार पाती घुसवली जातात. ती आत कशी वळली आहे हे बघायचं असेल तर वर या, पण त्याचे वेगळे पैसे. हा 'डिंग'. आणि शेवटी पडद्यामागे अजून एक काहीतरी, जे बाहेरच्या पाटीवर नव्हतं, त्याचेही वेगळे पैसे. हा 'ब्लो-ऑफ'. कलाकार आपले छापील फोटो विकायचे, तीही कमाई. कित्येकांचं पगारापेक्षा या फोटोंवरच जास्त चालायचं.

डोंबाऱ्याचा खेळ ज्यांनी पाहिला आहे त्यांना हे परकं वाटणार नाही. ढोलकी आधी वाजते, माणसं गोळा होतात. मुलगी बांबू घेऊन दोरीवर चढते. सगळ्यात अवघड उडी राहिलेली असते, आणि नेमकी तेव्हाच थाळी फिरते. उडीनंतर फिरवली तर अर्धी माणसं पांगलेली असतात. हे शहाणपण कोणी कोणाला शिकवायला अमेरिकेला गेलं नव्हतं. पोट हाच दोघांचा मास्तर.

हे बोलणं कुठे लिहून ठेवलेलं नव्हतं. पोराने बापाकडून किंवा उमेदवाराने वस्तादाकडून कानाने उचलायचं. आणि इथेच पहिला घाव बसला. टेपरेकॉर्डर आले तसे बऱ्याच मालकांनी टॉकर काढून टाकला आणि एकच ध्वनिफीत दिवसभर फिरवायला सुरुवात केली. आपल्या जत्रांत कर्ण्यावर तीच ती वाक्यं तासन्‌तास वाजतात ना, तसं. पगार वाचला. पण ध्वनिफितीला समोरची गर्दी दिसत नाही. कोण वळणार हे तिला कळत नाही.

दुसरी कारणं सगळ्यांना ठाऊक आहेत, भराभर सांगतो. टीव्ही घरात आला. तंबूइतक्याच जागेत पाळणा उभा केला तर तो जास्त कमावतो, म्हणून जत्रेच्या मालकांना पाळणे हवेसे झाले. औषधशास्त्र पुढे गेलं, तसं ज्या शरीराकडे लोक 'अजब' म्हणून बघत होते ते 'रुग्ण' म्हणून बघू लागले. आणि समाजाला लाज वाटू लागली. ही शेवटची गोष्ट चांगलीच झाली असं कोणीही म्हणेल. पण तिचा हिशेब जरा गुंतागुंतीचा आहे, तो नीट पाहू.

फ्लोरिडा राज्यात १९२१ पासून एक कायदा होता: शारीरिक व्यंग असलेल्या माणसाचं पैशासाठी प्रदर्शन करायला बंदी. गंमत म्हणजे त्याच फ्लोरिडात टाम्पाजवळ गिब्सनटन नावाचं गाव आहे, जिथे या धंद्यातले लोक हिवाळ्यात येऊन राहायचे. या कायद्याविरुद्ध कोर्टात कोण गेलं असेल? साइडशोवालेच. वॉर्ड हॉल हा मालक, आणि त्याच्यासोबत स्टॅनली बेरेंट, जो 'सीलो' या नावाने काम करायचा. त्याचे हात खांद्यापासूनच आखूड होते, सील माशाच्या पंखांसारखे, म्हणून ते नाव. त्यांचं म्हणणं सरळ होतं: आमचं शरीर, आमचा धंदा, तुम्ही आमच्या भल्यासाठी आमची भाकरी काढून घेताय. १९७२ मध्ये फ्लोरिडाच्या सर्वोच्च न्यायालयाने तो कायदा घटनाबाह्य ठरवला.

दुसरं प्रकरण १९८४ चं. ओटिस जॉर्डन हा जॉर्जिया राज्यातला कृष्णवर्णीय माणूस. हातापायांची हालचाल जवळपास नाही. त्याचा खेळ असा की फक्त ओठांनी तो कागदात तंबाखू गुंडाळून सिगारेट वळायचा, पेटवायचा, ओढायचा. फिरत्या जत्रेतल्या पाटीवर त्याला 'बेडूकमाणूस' म्हणत. न्यूयॉर्क राज्याच्या जत्रेत एका प्रेक्षक बाईंनी तक्रार केली की हे प्रदर्शन अमानुष आहे. तक्रार मनापासूनचीच होती. परिणाम काय झाला? त्याचा तंबू मुख्य रस्त्यावरून मागे ढकलला गेला आणि कमाई बुडाली. जॉर्डनचं म्हणणं थोडक्यात असं की मग मी काय सरकारी मदतीवर बसू? पुढे तो कोनी आयलंडला आला. तिथे त्याचं बेडकाचं नाव गेलं आणि पाटीवर आलं 'मानवी सिगारेट कारखाना'. १९९० मध्ये वारला, तोपर्यंत तो तिथे काम करत होता.

नावातला हा बदल नीट बघा. पहिलं नाव सांगतं की तो कसा दिसतो. दुसरं सांगतं की तो काय करतो. आजचा साइडशो जुन्यापासून कुठे वेगळा झाला, हे आम्हाला एका पाटीवर दाखवायचं असेल तर ही पाटी दाखवू.

आता कोनी आयलंडवर हे जगवणारा माणूस. डिक झिगन. येल विद्यापीठात नाट्यलेखन शिकलेला, आणि मूळचा कनेक्टिकटमधल्या ब्रिजपोर्टचा, म्हणजे जिथे बार्नम एकेकाळी नगराध्यक्ष होता त्या गावचा. १९८० मध्ये त्याने कोनी आयलंड यूएसए ही विनानफ्याची कलासंस्था काढली आणि १९८५ मध्ये 'साइडशोज बाय द सीशोर' सुरू केलं. तो काळ लक्षात घ्या. कोनी आयलंडची मोठी उद्यानं केव्हाच बंद झालेली, स्टीपलचेस १९६४ ला संपलं, आजूबाजूला मोकळ्या जागा आणि गुन्हेगारी. अशा ठिकाणी या माणसाने जुन्या पद्धतीचा टेन-इन-वन उभा केला: दिवसभर अखंड चालणारा खेळ, केव्हाही आत या, सगळं बघून झालं की निघा. बाहेर बॅली, बॅलीवर जिवंत टॉकर. ध्वनिफीत नव्हे.

त्याच्याकडे काम करायला आले ते वेगळे लोक होते. जेनिफर मिलर, दाढी असलेली स्त्री, स्वतःची रस्त्यावरची सर्कस चालवणारी. ती दाढी दाखवून थांबत नसे, बाईच्या अंगावरच्या केसांना लोक एवढे का बिचकतात यावर प्रेक्षकांशी वाद घालायची, आणि घालता घालता चेंडू-सुऱ्या झेलायची. पुढे मॅट फ्रेझर हा इंग्लंडचा नट. याचे हातही आखूड, सीलोसारखे. त्याने सीलोवरच नाटक केलं आणि कोनी आयलंडच्या तंबूतही काम केलं. म्हणजे व्यंग असलेलं शरीर रंगमंचावरून गेलं नाही. फक्त पाटी कोणी लिहायची, हे त्या शरीराच्या मालकाकडे आलं. सगळ्यांना हा युक्तिवाद पटत नाही. अपंगांच्या चळवळीतच यावर दोन तट आहेत, आणि दोन्हींकडे वजन आहे.

संस्थेने २००७ मध्ये सर्फ अॅव्हेन्यूवरची जुनी चाइल्ड्स रेस्टॉरंटची १९१७ ची इमारत घेतली, आणि २०११ मध्ये शहराने ती वारसा-वास्तू म्हणून जाहीर केली. पुढच्याच वर्षी सँडी वादळात तळमजल्यावर समुद्राचं पाणी शिरलं. इमारत टिकली. वरच्या मजल्यावर संग्रहालय, खाली खेळ, आणि शाळा. हो, साइडशोची शाळा. काच खाणारे टॉड रॉबिन्स तिथे शिकवायचे. थोड्या दिवसांचा वर्ग, त्यात आग खाणं, खिळ्यांवर झोपणं, नाकात खिळा घालणं. इथे आपल्या लोकांना हसू येतं, शाळेत कोणी नाकात खिळा घालायला शिकतं का! पण विचार करा. ही विद्या आधी घराण्यात होती, तंबूत होती, बाहेरच्याला सांगायची नाही अशी शपथ होती. तंबू संपले तर विद्या त्यांच्याबरोबर गेली असती. मेल्विन बर्कहार्ट, ज्यांनी नाकातल्या खिळ्याचा खेळ घरोघरी माहीत करून दिला, ते २००१ मध्ये ९४ व्या वर्षी गेले. त्या खेळात फसवणूक काही नाही. नाकाची पोकळी वर कपाळाकडे जात नाही, सरळ मागे जाते, हे शरीरशास्त्र आहे. बाकीचं सगळं बर्कहार्टांचं बोलणं. मख्ख चेहऱ्याने, हळूहळू, हातोडीचा एकेक ठोका. आज जो कोणी हा खेळ करतो तो कळत-नकळत त्यांचीच लय घेतो.

तलवारीचं थोडं सविस्तर सांगू, कारण तिथे आपला संबंध येतो. तलवार गिळण्याची कला भारतात चार हजार वर्षांपूर्वी सुरू झाली असं सगळीकडे छापलेलं दिसतं. हा आकडा जाहिरातीचा आहे, इतिहासाचा नाही; सोडून द्या. पक्कं आहे ते हे: १८१३ साली लंडनमध्ये भारतीय 'जगलर' लोकांचे खेळ सुरू झाले आणि त्यातला रामो सामी पुढची कित्येक वर्षं गाजला. गोळे झेलणं, दोऱ्यात तोंडाने मणी ओवणं, आणि तलवार गिळणं. १८१९ मध्ये तो अमेरिकेलाही गेला. विल्यम हॅझलिट या निबंधकाराने या भारतीय खेळियांवर एक प्रसिद्ध निबंध लिहिला. चार गोळे झेलणाऱ्या हातांपुढे आपलं लिहिणं किती तोकडं, असा त्याचा सूर आहे. पण तलवारीबद्दल त्याचं मत असं की हे पोलिसांनी थांबवायला हवं. हे पोलीस लक्षात ठेवा, ते परत येणार आहेत. रामो सामी १८५० मध्ये लंडनमध्येच वारला. त्याला पुरण्यापुरते पैसे घरात नव्हते. बायकोला वर्तमानपत्रातून मदत मागावी लागली.

ही तलवार खरी असते. घडीची नसते. माणूस मान मागे टाकून तोंड, घसा, अन्ननलिका एका रेषेत आणतो. उलटीची प्रतिक्षिप्त क्रिया महिनोन्‌महिने सरावाने दाबावी लागते. पातं हृदयाच्या अगदी लगत खाली उतरतं. डॉक्टरांना याचा उपयोग फार आधी सुचला होता. १८६८ मध्ये जर्मनीत आडॉल्फ कुसमाउल यांनी जठराच्या आत पाहायची ताठ नळी पहिल्यांदा वापरून पाहिली ती तलवार गिळणाऱ्या माणसावर. दुसरं कोण एवढी नळी शांतपणे गिळणार? तुमच्या ओळखीत कोणाची एंडोस्कोपी झाली असेल तर तिच्या कुळात एक साइडशोवाला आहे.

२००१ मध्ये या लोकांनी स्वतःची आंतरराष्ट्रीय संघटना काढली. २००६ मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये तिचे अध्यक्ष डॅन मेयर आणि ब्रायन विटकोम हे क्ष-किरणतज्ज्ञ यांचा लेख आला. निकष कडक: किमान ३८ सेंटिमीटर लांब आणि २ सेंटिमीटर रुंद, भरीव पोलादी पातं. ४६ जणांची माहिती मिळाली. त्यांपैकी १९ जणांचा शिकताना घसा धरलेला, ६ जणांच्या घशाला किंवा अन्ननलिकेला भोक पडलेलं. आणि धोका केव्हा वाढतो? लक्ष विचलित झालं किंवा खेळात नवीन झगमगाट घालायला गेलं की. एकाच्या खांद्यावरच्या मकाव पोपटाने दंगा केला आणि त्याची अन्ननलिका फाटली. (हशा) हसण्यासारखं आहे, पण परंपरा म्हणजे काय याचं उत्तरही त्यात आहे. वस्तादाने 'हे असंच करायचं' म्हणून सांगितलेलं असतं त्याला कारण असतं, आणि ते कारण कोणाच्या तरी रक्ताने लिहिलेलं असतं. अशी माहिती आधी तंबूत कुजबुजीने फिरायची. आता ती छापून आली. जतन करण्याचं याहून चांगलं उदाहरण आम्हाला सापडलेलं नाही.

याउलट पाट्या. मोठमोठ्या कापडी, भडक रंगांच्या. शिकागोचे फ्रेड जॉन्सन यांनी आयुष्यभर या रंगवल्या. पावसात भिजायच्या, हंगाम संपला की फाटायच्या, कोणी विचारायचं नाही. आता त्याच पाट्या कलादालनांत टांगल्या जातात आणि हजारो डॉलरना विकल्या जातात. चांगलं आहे. पण ज्या माणसाचं चित्र त्यावर आहे त्याचं नाव कित्येकदा खालच्या चिठ्ठीत नसतं, रंगवणाऱ्याचं मात्र असतं.

वॉर्ड हॉल २०१८ मध्ये गेले. त्यांचा 'वर्ल्ड ऑफ वंडर्स' हा फिरता तंबू टॉमी ब्रीन यांच्याकडे आला. म्हणजे दोरा अजून तुटलेला नाही. मात्र एक फरक पडला आहे आणि तो आम्ही झाकणार नाही. पूर्वी माणूस या तंबूत येई कारण बाहेर त्याला दुसरं काम नव्हतं. आता येतो तो निवडून येतो; बऱ्याचदा शिकलेला, नाटकाची आवड असलेला, परत जायला घर असलेला.

आणि इथे आपण आपल्या अंगणात येतो. देवाणघेवाण दोन्हीकडून झाली आहे. आपल्या जत्रेतला 'मौत का कुआँ', लाकडी विहिरीच्या भिंतीवर मोटरसायकल आणि मारुती फिरवतात तो, हा अमेरिकन कार्निव्हलचा खेळ. तिथला पहिला मोटरड्रोम १९११ मध्ये कोनी आयलंडवरच उभा राहिला असं मानतात. तिकडे आज तो बोटांवर मोजण्याइतका उरला आहे आणि जे करतात ते जुन्या 'इंडियन' कंपनीच्या गाड्यांवर मोठ्या भक्तीने करतात. आपल्याकडे तो अजून धंदा आहे. त्याला परंपरा म्हणायचं कोणाच्या डोक्यातही येत नाही.

पण आमचा प्रश्न रस्त्यावर खेळ करणाऱ्यांचा आहे. डोंबारी, कोल्हाटी, गारुडी. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने भटकं जगणंच संशयाचं केलं. सोलापूरला तर काटेरी तारांच्या आतली वसाहत होती. १९५२ मध्ये तो कायदा गेला. मग १९५९ साली आला मुंबई भिक्षा प्रतिबंधक कायदा. त्यातली भीक मागण्याची व्याख्या वाचून बघा. सार्वजनिक जागी पैसे मागणं किंवा घेणं, मग ते गाणं, नाच, भविष्य सांगणं किंवा खेळ करणं अशा कुठल्याही 'निमित्ताने' असो वा नसो. म्हणजे कायद्याच्या नजरेत दोरीवरची कसरत हे एक निमित्त आहे. खरं काम भीक मागणं. वॉरंटशिवाय अटक करता येते. पहिल्या वेळी एक ते तीन वर्षं स्वीकारगृहात, पुन्हा सापडला तर दहापर्यंत. हॅझलिटला हवे होते ते पोलीस मुंबई राज्यात शेवटी आले. दिल्लीत हाच कायदा लागू होता. तिथल्या उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१८ मध्ये त्यातली मुख्य कलमं रद्द केली. तो निकाल दिल्लीपुरता.

१९७२ च्या वन्यजीव कायद्याने गारुड्याचे साप गेले, १९९८ च्या अधिसूचनेनं अस्वलं आणि माकडं. प्राण्यांच्या बाजूने पाहिलं तर हे योग्यच होतं आणि त्यावर आम्ही वाद घालणार नाही. दोरीवरच्या मुलीचंही तसंच. आठ वर्षांच्या पोरीने शाळेत असायला हवं, तिने परंपरा सांभाळावी असं म्हणायचा आपल्याला काय अधिकार? पण मुलगी शाळेत गेली, साप जंगलात गेला, आणि तिच्या बापाकडे जे कसब होतं, तोल, बांबू, ढोलकीची लय, गर्दी गोळा करायचं बोलणं, ते कुठे गेलं? त्याला कुठल्या इमारतीत जागा मिळाली? दिल्लीच्या शादीपूरला कठपुतळी कॉलनी होती, बाहुलीवाले, जादूगार, कसरतवाले असे शेकडो कलावंत एका जागी राहायचे. २०१७ मध्ये पुनर्विकासासाठी ती पाडली. न्यूयॉर्कने एक जुनं हॉटेल वारसा म्हणून जाहीर केलं त्याला तेव्हा सहा वर्षं झाली होती. जेनिफर मिलर दाढीवर भाषण देते तेव्हा टाळ्या मिळतात, कारण ती दुसरं काहीही करू शकली असती हे प्रेक्षकाला ठाऊक असतं. डोंबाऱ्याला कोणी तसं बघत नाही.

एक छोटं काम आपल्याला करता येईल म्हणून सांगतो. माघापासून वैशाखापर्यंत जत्रांचा हंगाम. प्रत्येकाच्या खिशात फोन आहे. खेळाची चित्रफीत सगळेच काढतात. आम्ही म्हणतो बोलणं टिपा. कर्ण्यावरचं नव्हे, जिवंत माणसाचं. खेळ सुरू व्हायच्या आधीपासून, थाळी फिरून संपेपर्यंत, मध्ये न तोडता. आधी विचारून घ्या. त्याचं नाव, गाव, कोणाकडून शिकला ते लिहून घ्या. आणि थाळीत पैसे टाका. पन्नास-शंभर, जमेल ते. व्याख्यान ऐकायला आम्ही तिकीट लावलेलं नाही, तेवढे तिकडे जाऊ द्या.

आता प्रश्न घेऊ. मागच्या रांगेपासून सुरू करा, मागच्या वेळी तिकडचे राहून गेले होते.